त्या सकाळपुरतं सिरप

पॅनकेकवर ओतायची ती स्वस्तातली मोठी बाटली असते ना, तिचं लेबल कधीतरी निवांत वाचा. कॉर्न सिरप, हाय फ्रुक्टोज कॉर्न सिरप, पाणी, सेल्युलोज गम, कॅरॅमल कलर, मीठ, फ्लेवर, प्रिझर्व्हेटिव्ह. संपलं. रंग मेपलचा, वास मेपलचा, पण नाव नुसतं सिरप, कारण इथे अमेरिकेत मेपल सिरप असं लिहायचं तर आत मेपलच्या झाडाचाच रस आटवलेला असावा लागतो, नियमच आहे तसा. आणि तो खरा माल एवढा महाग का, हे हिशोब ऐकला की लगेच कळतं. साधारण ४० लिटर रस आटवावा तेव्हा कुठे १ लिटर सिरप हातात पडतं, आणि तो रसही वर्षातून काही आठवडेच मिळणार, हिवाळा संपता संपता, रात्री गोठवणारी थंडी आणि दिवसा जरा ऊब असेल तेव्हाच. मला खरं मेपल आवडतं, घरात असतंच, पण आज त्याच्याबद्दल नाही लिहायचंय. आज त्या शेल्फवरच्या तिसऱ्या बाटलीबद्दल, म्हणजे फळांच्या सिरपबद्दल, जी आम्ही हल्ली विकत आणतच नाही.

मुलांना तिची चटक लागली ती आयहॉपमध्ये. १९५८ मध्ये कॅलिफोर्नियात सुरू झालेली ही पॅनकेकवाली चेन, हायवेवर कुठेही सापडते, आणि रोड ट्रिपला निघालेल्या शाकाहारी मराठी कुटुंबाला सकाळी आठ वाजता पोटभर गरम काहीतरी मिळायची ही एक हमखास जागा (अंडं चालत असेल तर, त्यावर पुढे येतो). टेबलावर सिरपचे चार जग ओळीने मांडलेले. साधं, बटर पिकॅन, स्ट्रॉबेरी आणि ब्लूबेरी. धाकट्यानं पहिल्याच वेळी तो ब्लूबेरीचा जग असा काही उपडा केला की पॅनकेक दिसेना. चव वाईट नव्हती, पण त्यात ब्लूबेरी कमी आणि जांभळा रंग जास्त होता. घरी आल्यावर मागणी सुरू, बाबा ते पर्पल सिरप आणा.

आमच्याकडे रविवारी पॅनकेक असतात आणि ते मी करतो. बायको रविवारी मराठी शाळेत शिकवते, मुलं तिथेच विद्यार्थी, त्यामुळे साडेनऊला सगळे गाडीत बसलेले असायला हवेत. त्याआधी आंघोळी, अर्धवट राहिलेला मराठीचा गृहपाठ, आणि पॅनकेक. या सगळ्यात सिरपला किती वेळ मिळणार? दहा मिनिटं. तेवढ्यात जे होतं ते सिरप. घाई आहे म्हणून काहीतरी तडजोड करतो असं मात्र अजिबात नाही, उलट मला आता वाटतं की हे दहा मिनिटांचंच सिरप चांगलं लागतं, वीस मिनिटांचं नाही.

करतो काय ते सांगतो. दोन कप फ्रोझन ब्लूबेरी, फ्रीजरमधून काढून सरळ छोट्या स्टीलच्या पातेल्यात. पाव कप पाणी, तेसुद्धा सुरुवातीला तळाला लागू नये म्हणून. तीन टेबलस्पून साखर, फळ आंबट असेल तर चार. चिमूटभर मीठ. मध्यम आचेवर ठेवायचं आणि पॅनकेकचं पीठ कालवायला घ्यायचं. चार-पाच मिनिटांत बेऱ्या फुटायला लागतात, मग पावभाजीच्या मॅशरने निम्म्या ठेचायच्या आणि निम्म्या अख्ख्या ठेवायच्या, चावायला काहीतरी हवं ना. एक टीस्पून कॉर्नफ्लोअर गार पाण्यात कालवून ओतायचं, एक-दीड मिनिट रटरटू द्यायचं, गॅस बंद, आणि मग अर्ध्या लिंबाचा रस. लिंबू आधी नाही, शेवटी. त्याचं कारण असं की एक तर लिंबाचा ताजा वास उकळून उडून जातो, आणि दुसरं म्हणजे आंबट पाण्यात स्टार्च जास्त वेळ उकळला तर दाटपणा सैल पडत जातो. पातेल्यात असताना सिरप पातळ वाटतं, वाटू दे. गार होताना घट्ट होतंच. चमच्याच्या पाठीवरून बोट फिरवलं आणि रेघ तशीच राहिली की झालं.

कॉर्नफ्लोअर घालणं म्हणजे चीटिंग असं काही जण म्हणतात. म्हणोत बापडे. कॉर्नफ्लोअर नाही घातलं तर दाटपणा आणायला दोनच रस्ते उरतात, एक तर साखर दुप्पट-तिप्पट करा, नाहीतर बसा आटवत, आणि आटवत बसलं की ताज्या फळाचा वास जाऊन जॅमचा वास येतो. मला जॅमचा वास नकोय. आणि त्या रविवारी सकाळी तर माझ्याकडे आटवत बसायला वेळच नसतो.

फ्रोझन का, ताज्या का नाही, हे लोक विचारतात. आम्ही राहतो न्यू जर्सीत, म्हणजे खरं तर ब्लूबेरीच्या माहेरीच. आज दुकानात दिसते ती मोठी, गुबगुबीत, शेतातली ब्लूबेरी याच राज्यात पहिल्यांदा पिकली. तोवर ब्लूबेरी म्हणजे रानातून तोडून आणायची वस्तू, आपल्याकडच्या करवंदांसारखी. व्हाइट्सबॉग नावाच्या गावात क्रॅनबेरीचे मळे असलेल्या घरातली एलिझाबेथ व्हाइट आणि सरकारी वनस्पतीशास्त्रज्ञ फ्रेडरिक कोव्हिल या दोघांनी मिळून ते केलं. कोव्हिलनं शोधून काढलं की या झाडाला आम्लधर्मी मातीच लागते, म्हणून चांगल्या सुपीक जमिनीत लोकांची झाडं मरत होती. आणि व्हाइटबाईंनी आसपासच्या रानात बेऱ्या तोडणाऱ्या लोकांना कामाला लावलं, सगळ्यात मोठं फळ लागणारं झुडूप दाखवा आणि पैसे घ्या, बरोबर मोजमापाला भोक पाडलेली पट्टी दिलेली, फळ त्यातून पडलं तर नको. जो झुडूप शोधेल त्याचं नाव त्या जातीला. त्यातली रुबेल नावाची जात अजून लावतात. १९१६ मध्ये पहिलं पीक बाजारात गेलं. जून-जुलैमध्ये आम्हीही मुलांना घेऊन शेतावर तोडायला जातो, बादल्या भरून आणतो, आणि त्यातल्या अर्ध्या ट्रेवर पसरून फ्रीजरमध्ये टाकतो, गोठल्या की पिशवीत. ताज्या ब्लूबेरी तशाच तोंडात टाकायच्या असतात, त्यांना शिजवायला कशाला घ्यायचं?

आणि सिरपला फ्रोझन बरी पडते याला कारण आहे. फळ गोठतं तेव्हा आतल्या पाण्याचे बर्फाचे कण होतात आणि ते पेशींच्या भिंती फोडतात. वितळलं की फळ लिबलिबीत होतं, खायला बेकार, पण रस सोडायला एकदम तयार. म्हणजे शिजवण्याचं अर्धं काम फ्रीजरनं रात्रभरात फुकट करून ठेवलेलं असतं. अजून एक गोष्ट म्हणजे दुकानात वाइल्ड ब्लूबेरी म्हणून फ्रोझन पिशवी मिळते, मेन राज्यातली वगैरे, बारीक बारीक दाण्यांची. सिरपसाठी तीच घ्या. मोठी ब्लूबेरी कापून बघितलीत तर आत फिकट हिरवट-पांढरी असते, सगळा रंग सालीत. बारीक फळात गराच्या मानानं साल जास्त, म्हणून रंगही जास्त आणि चवही.

तर हे असं सगळं सुरळीत चालू होतं, आणि एका उन्हाळ्यात आई आली. आई वाईची. दर दोन-तीन वर्षांनी येते, व्हिसाचे सहा महिने असतात पण चार महिन्यांत कंटाळते. रविवारी सकाळी ती ओट्याला टेकून चहा पीत माझं पातेलं बघत होती. मी साखर घातली तशी म्हणाली,

"एवढीच?"

"एवढीच."

"अरे, एवढ्याशा साखरेत काय होणारे? चार दिवसांत बुरशी येईल."

"चार दिवस राहणारच नाही आई. आत्ता खातील, उरलं तर बुधवारपर्यंत दह्यात घालून संपेल."

"मग शिजवायचं कशाला?"

हा प्रश्न तिनं चेष्टेनं नव्हता विचारला, तिला खरंच कळत नव्हतं. आणि मला पटकन उत्तर देता आलं नाही, म्हणजे दिलं काहीतरी, पण नंतर गाडीत, शाळेच्या पार्किंगमध्ये, तो प्रश्न डोक्यात फिरत राहिला.

कारण तिच्या बाजूनं बघा. आमच्या वाईच्या घरात फळ आणि साखर शेगडीवर एकत्र आली की त्याचा अर्थ एकच, बेगमी. मे महिन्यात कैऱ्या किसल्या जायच्या, साखरांबा व्हायचा, गुळांबा व्हायचा, फोडींचा मोरांबा व्हायचा. दोन बोटांत थेंब धरून तार बघायची. चिनी मातीच्या बरण्या धुऊन उन्हात कडकडीत वाळवायच्या, तोंडाला दादरा बांधायचा, आणि ओला चमचा बरणीत घातलास तर याद राख. हे सगळं मे महिन्यातल्या जिभेसाठी नव्हतंच मुळी. मे महिन्यात आंबे होते की घरात, रस होता, फणस होता, ऊस संपला तरी उसाचा रस होता. हे होतं जुलैसाठी, पावसाची झड लागली, भाजी मिळेना, डब्यात पोळीबरोबर द्यायला काही नाही, त्या दिवसांसाठी. ताजं फळ ताजंच खायचं, शेगडीवर चढवायचं ते फक्त राहायला हवं ते. त्यामुळे फळ शिजवून तासाभरात खाऊन टाकायचं ही कल्पनाच तिला उधळपट्टीची वाटली असणार. गॅसची, साखरेची आणि फळाचीसुद्धा.

आणि साखर एवढी का लागायची, याचंही शास्त्र पक्कं आहे. जॅममध्ये साखर आणि फळातले विरघळलेले घन पदार्थ मिळून ६५ टक्क्यांच्या आसपास जावे लागतात, मग बुरशीला आणि जंतूंना वापरता येईल असं पाणीच उरत नाही. सगळं पाणी साखरेनं धरून ठेवलेलं. आईच्या तारेला हे आकडे माहीत नव्हते, पण बोटांना माहीत होतं. पाकाला तार येते ती पाणी पुरेसं उडालं की. म्हणजे ती दोन बोटं हे एक उपकरणच होतं, आणि माझ्या पातेल्याला ते लावलं तर रीडिंग शून्य. माझ्या सिरपात साखर फार तर वीस-पंचवीस टक्के, फळातली धरून. ते टिकणारच नाही. काचेच्या बरणीत, फ्रीजमध्ये, आठवडाभर, बास. बाहेर तर ठेवूच नये.

पण मग मला जे उशिरानं लक्षात आलं ते हे, की टिकवायचं काम माझ्या घरात कुणीतरी आधीच करून टाकलेलं आहे. फ्रीजरनं. साखरेला जे तीन उद्योग होते, गोड करणं, दाट करणं आणि टिकवणं, त्यातला टिकवायचा उद्योग फ्रीजरनं काढून घेतला आणि दाट करायचा कॉर्नफ्लोअरनं. साखरेकडे फक्त गोड करणं उरलं, आणि तेवढ्यासाठी तीन चमचे पुष्कळ झाले. मॅसॅच्युसेट्समधल्या स्प्रिंगफील्डच्या काही दुकानांत १९३० साली क्लॅरेन्स बर्ड्सआयचा झटपट गोठवलेला माल पहिल्यांदा विकायला आला, मटार, पालक, मासे, मांस आणि हो, बेऱ्यासुद्धा. कॅनडात लॅब्राडॉरला असताना तिथल्या इन्युइट लोकांना कडाक्याच्या थंडीत मासे क्षणात गोठवताना त्यानं बघितलं होतं, पटकन गोठलं की बर्फाचे कण बारीक राहतात आणि मासा वितळल्यावर ताजा लागतो. त्याच्या आधी अमेरिकेतल्या आज्यासुद्धा माझ्या आईसारख्याच होत्या, तळघरात बरण्यांच्या रांगा लावून बसलेल्या. तेव्हा त्यांचं फळांचं सिरपही असंच साखरेत बुडवलेलं असणार, तळघरात हिवाळाभर राहायला हवं म्हणून. आजची दुकानातली बाटली अजून तेच करतेय, शेल्फवर वर्षभर उभं राहायचंय तिला, तिची गोडी आपल्यासाठी नाहीच, शेल्फसाठी आहे.

आता तुम्ही म्हणाल की हा फळवाला शिष्टपणा करतोय. नाही हो. अमेरिकन घरांत झटपट सिरपची एक जुनी युक्ती आहे, कप-दीड कप साखर, थोडं पाणी, उकळायचं आणि त्यात कूल-एडचं पाकीट. फळाचा पत्ता नाही, नुसता फ्लेवर. कूल-एडचा जन्मच मुळात गंमतशीर आहे. नेब्रास्कातल्या हेस्टिंग्जमध्ये एडविन पर्किन्स नावाचा माणूस फ्रूट स्मॅक नावाचं बाटलीतलं सिरप टपालानं विकायचा, बाटल्या जड आणि वाटेत फुटायच्या, म्हणून १९२७ मध्ये त्यानं पाणीच काढून टाकलं आणि पावडर पाकिटात भरली. लोक आता त्या पावडरीत पुन्हा साखर-पाणी घालून तिचं सिरप करतात. वाचून मला हसू आलं, आणि लगेच रसना आठवली. ऐंशीच्या दशकातल्या पोरांना सांगायला नको, पाकिटात एक पावडर आणि एक बारकी बाटली, घरी साखरेचा पाक करायचा, त्यात ते दोन्ही मिसळायचं, आणि झालेलं केशरी सिरप रिकाम्या काचेच्या बाटलीत. जाहिरात म्हणायची ५ रुपयांत ३२ ग्लास. आमच्याकडे बत्तीस कधी झाले नाहीत, कारण पेल्यात घालायच्या आधी चमच्यानंच बरंच संपायचं. तेव्हा माझ्या आयुष्यातलं पहिलं फ्रूट फ्लेवर सिरप म्हणजे रसनाच, आणि त्या काळी कुणी पॅनकेक पुढ्यात ठेवला असता तर मी त्यावर तेच ओतलं असतं. पोरांचा वाढदिवस असेल आणि त्यांना लालभडक सिरपच हवं असेल तर करा की कूल-एडचं, वर्षातून एकदा काही होत नाही.

फळागणिक नखरे मात्र वेगळे. स्ट्रॉबेरीत पेक्टिन, म्हणजे जॅम घट्ट धरणारा फळातला पदार्थ, कमी आणि रंग नाजूक, जास्त शिजवली की मातकट होते. तिला आधी कापून, साखर भुरभुरून अर्धा तास ठेवायची, साखरच रस ओढून बाहेर काढते, मग शिजवायला दोन-तीन मिनिटं पुरतात. हे मला पसरणी घाट चढून पाचगणीला जाताना मिळणाऱ्या स्ट्रॉबेरीवरून कळलेलं आहे, घरी येईपर्यंत डब्याच्या तळाला आपोआप रस साठायचा. महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेरीला २०१० मध्ये जीआय, म्हणजे भौगोलिक मानांकन मिळालं, पण आमच्यासाठी ती कायम "वरची" स्ट्रॉबेरी, आणि मार्च लागला की वाईच्या बाजारात अगदी स्वस्त. रास्पबेरी, ब्लॅकबेरी असेल तर गाळून घ्या, नाहीतर बिया दातात अडकतात आणि सगळे दिवसभर आरशासमोर.

आंब्याला गॅसच नको. ओक ट्री रोडवरून, म्हणजे इथल्या देशी दुकानांच्या रस्त्यावरून आणलेला पल्पचा ८५० ग्रॅमचा डबा असतोच घरात, त्यात आधीच साखर असते, थोडा संत्र्याचा ज्यूस घालून सैल करायचा, मीठ, वेलची, झालं सिरप. दोन मिनिटं. याला सिरप म्हणायचं की पातळ आमरस यावरून आमच्या घरात वाद आहे, पण पॅनकेक तक्रार करत नाही.

संत्र्याचं सिरप करताना जरा जपून. विशेषतः नागपुरी संत्र्याचं, रस काढल्या काढल्या गोड लागतो आणि तापवला किंवा ठेवला की कडू व्हायला लागतो. कडूपणा येतो तो लिमोनिन नावाच्या द्रव्यानं, पण फळात ते आयतं नसतं, त्याचं कडू नसलेलं पूर्वरूप असतं, रस काढल्यावर आंबटपणात त्याचं हळूहळू लिमोनिन होतं, आणि उष्णतेनं ते लवकर होतं. म्हणून साखर-पाण्याचा पाक वेगळा दाट करा, खाली उतरवा, कोमट झाला की रस घाला, आणि लगेच खा. सीताफळाचं तर नावच काढू नका, गर गरम केला की कडवट होतो आणि वर गुलाबी रंग धरतो. सीताफळ ज्यानं केलं त्यानं ते नुसतं खाण्यासाठीच केलंय.

साखर अजिबात नको असणाऱ्यांसाठी माझ्याकडे काँकर्ड द्राक्षांचा ज्यूस आहे. तोही न्यू जर्सीचाच, व्हाइनलँड गावात १८६९ मध्ये थॉमस वेल्च या दाताच्या डॉक्टरनं द्राक्षाचा रस बाटलीत तापवून त्याची दारू होणं थांबवलं, चर्चमध्ये वाइनऐवजी वापरता यावा म्हणून. आता हा ज्यूस रुंद पॅनमध्ये मोठ्या आचेवर ठेवा आणि पाव होईपर्यंत आटवा. ज्यूसमध्ये साखर असते पंधरा-सोळा टक्के, चौपट दाट केलं की साठच्या वर, म्हणजे तार न बघता आईच्या जवळपास पोचलो. अर्थात साखर नाही घातली म्हणजे साखर नाही असं नव्हे, हे मधुमेहवाल्यांनी लक्षात ठेवा.

आणि कोकम. अमृत कोकमाची बाटली पॅनकेकवर ओतून बघा एकदा, मी मस्करी करत नाहीये. ते खरं कोकणी पद्धतीचं असेल तर त्याला शेगडी लागलेलीच नसते, ताज्या कोकमाच्या वाट्यांत साखर भरून बरणी उन्हात ठेवायची, साखर विरघळत जाते आणि सिरप आपोआप जमतं. लोण्यावर ते आंबटगोड लाल सिरप असं काही लागतं की मेपल झक मारतं. फक्त आगळाची बाटली उचलू नका घाईत, त्यात मीठ असतं.

अंड्याचं राहिलं. आई अंडं खात नाही, म्हणून ती असते तेव्हा दही आणि खाण्याच्या सोड्याचे पॅनकेक. त्यात ब्लूबेरी सरळ पिठातच घातल्या तर त्यांच्याभोवती हिरवट-निळी कडा येते, ते बघून आई म्हणाली खराब झाल्यात का रे. खराब नाही, सोडा. ब्लूबेरीचा रंग आणि जांभळाचा, कोकमाचा रंग एकाच घराण्यातले, आंबटात लाल होतात आणि सोड्यात निळे-हिरवे. म्हणून तर सिरपात लिंबू पिळलं की जांभळ्याचं एकदम लालसर झळझळीत होतं. मुलांनी मग एका वाटीत सिरप घेऊन सोडा टाकून बघितला, दुसऱ्या वाटीत लिंबू, आणि त्या रविवारी शाळेला उशीर झाला. याच कारणासाठी पातेलं स्टीलचं, ॲल्युमिनियमचं किंवा लोखंडाचं नाही, आंबट रस धातू ओढून घेतो, चवही बिघडते.

वाढताना आधी लोणी, मग सिरप. गरम पॅनकेकवर लोणी वितळून थर होतो, मग सिरप लगेच आत मुरत नाही, वरच राहतं आणि पॅनकेकचा लगदा होत नाही. सिरप गरम हवं, पण उकळतं नको. फ्रीजमधलं गार सिरप ओतणाऱ्यांचं मला कळत नाही, तव्यावरून उतरलेला पदार्थ दोन सेकंदात थंड. उरलेलं बर्फाच्या ट्रेमध्ये ओतून गोठवा, पुढच्या रविवारी दोन क्यूब मायक्रोवेव्हमध्ये घातले की झालं, मग दहा मिनिटंसुद्धा लागत नाहीत.

आईनं त्या मुक्कामात सिरप खाल्लं, पोळीबरोबर, आणि चांगलंय म्हणाली, जरा पाणचट आहे पण चांगलंय. परत गेली. मग मार्चमध्ये व्हिडिओ कॉलवर मला एक बरणी दाखवली. वाईच्या बाजारात स्ट्रॉबेरी पडेल भावात आलेली, तिनं दोन किलो आणली आणि "तुझं ते सिरप" केलं.

"साखर किती घातलीस?"

"किलोला किलो."

"आई, अगं त्याचा जॅम झाला."

"होऊ दे. तार बघून उतरवलंय. तुम्ही डिसेंबरात येणार, तोवर राहायला नको का?"

आता डिसेंबरात त्या बरणीतलं दोन चमचे काढून पातेलीत घ्यायचं, पाव वाटी गरम पाणी, थोडं लिंबू, एक उकळी. ओतण्याइतकं सैल होईल बहुतेक.